नव्या शेअरांचा आग्रह

माझ्या मावशीच्या यजमानांना 'नको' हा शब्द उच्चारता येत नव्हता, आणि त्यांच्या या एका उणिवेपायी वऱ्हाडातल्या निदान तीन कंपन्या बुडाल्या, असं माझं स्पष्ट मत आहे. मावशी चार म्हणायची. पण ती साबणवाल्यांनाही कंपनी धरायची, मी धरत नाही. तुम्ही म्हणाल, एका माणसाच्या होकारानं कुठं कंपनी बुडते होय? तर तुम्ही आमच्या मावसाजींना पाहिलेलं नाही. कंपनी जरा बरी चालायला लागली की तिचे चालक आणखी नवे शेअर काढायचे. ते आधी जुन्या भागीदारांना देऊ करायची रीत. बाकीचे भागीदार खाली मान घालून पायाचा अंगठा बघत बसायचे आणि मावसाजी म्हणायचे, "द्या बाप्पा." उंद्रीच्या पाटलांनी घेतले म्हटल्यावर शेजारचा घ्यायचा, त्याच्या शेजारचा घ्यायचा, आणि बघता बघता चालकांच्या हातात गरजेपेक्षा जास्त पैसा खुळखुळू लागायचा. त्या पैशाचं ते काहीतरी मोठं करायला जायचे, आणि पुढची चार-पाच वर्षं कंपनी त्या मोठ्या गोष्टीखाली दबून हळूहळू बसायची. मावसाजींनी वेळच्या वेळी 'नको' म्हटलं असतं तर यातल्या बऱ्याच कंपन्या लहानशा, पण धडधाकट राहिल्या असत्या.

मावसाजींची शेती उंद्रीला आणि बिऱ्हाड बुलढाण्याला, कारण मावशीला दमा होता आणि तिला बुलढाण्याची हवा मानवायची. मी मूळची लोणारची. वडिलांचं तिथं लहानसं किराणा दुकान. लोणारात मुलीनं पुढं शिकण्याची काही सोय नव्हती. वडील एकदा मावसाजींजवळ नुसतं बोलून गेले, "हिले तुमच्याकडं ठेवली तं कसं?" मावसाजींना असं काही विचारणं म्हणजे त्यांच्या पदरात टाकणंच. मी माझी पत्र्याची पेटी घेऊन जी त्यांच्या घरी आले ती मॅट्रिक होईपर्यंत राहिले. दिसायला मावसाजी उंच, सडपातळ. डोक्याला सदा पांढरा रुमाल, आणि चेहऱ्यावर असा भाव की समोरच्याला वाटावं, याला काहीतरी द्यावं. लोक द्यायचेही. घोंगडीवाला भर चैत्रात दारात यायचा आणि घोंगडी ठेवून जायचा. एकाच मुहूर्तावर दोन गावांत लग्नं असली तर दोन्हीकडं "येतो" म्हणून कळवायचे आणि मग बैलांची दमणी जुंपून घामाघूम होत एका मांडवातून दुसऱ्या मांडवात धावायचे. एकदा त्यांना साधं पडसं झालं. भेटायला येणाऱ्यानं ज्यानं जे सांगितलं ते त्यांनी घेतलं. कोणाचा काढा, कोणाचं चाटण, कोणाचा तपकिरीसारखा भुगा. पडसं राहिलं बाजूला, पोटासाठी डॉक्टरला बोलवायची पाळी आली. डॉक्टरांनी विचारलं, "एवढं सगळं कशाला घेतलंत?" तर म्हणतात, "लोकं मायेनं देऊन राह्यले होते, साहेब."

पंगतीत तर त्यांना बघायलाच लोक यायचे. आपल्याकडं आग्रह करणाऱ्याचं काम आग्रह करणं आणि जेवणाऱ्याचं काम पत्रावळीवर हात आडवा धरणं, असा दोघांचा ठरलेला खेळ असतो. मावसाजींना त्यातला हात आडवा धरण्याचा भागच येत नव्हता. वाढणारा दिसला की ते उलट पत्रावळ पुढं सरकवायचे. यजमान खूश, आचारी खूश. घरी येऊन मावशीला मात्र ओवा आणि गरम पाणी तयार ठेवावं लागायचं. आणि कंपनी म्हणजे काय, शेअर म्हणजे काय, हे सगळं त्यांनी आपल्या मनाशी या पंगतीवरूनच लावलेलं. कंपनीचं छापील पत्र यायचं: अमुक इतके नवे भाग काढत आहोत, आपण जुने भागीदार असल्यामुळं आपला पहिला हक्क. मी ते वाचून दाखवायची, कारण त्यांचा चष्मा कोणीतरी मागून नेलेला असायचा. ते डोळे मिटून ऐकायचे आणि म्हणायचे, "पाह्य, केवढ्या मानानं बलावून राह्यले. पहिला हक्क तुमचा म्हनते. परक्याच्या आंधी घरच्याले वाढून राह्यले. आता ताटावर हात कसा ठेवा?" मी म्हणायची, मावसाजी, हा हक्क आहे, सक्ती नाही. ते म्हणायचे, "हाव, आग्रहात सक्ती असते कुठं?"

खामगावकडच्या एका सरकीच्या तेलाच्या गिरणीत त्यांचे थोडे शेअर होते. गिरणी झकास चालायची, दिवाळीला नफा वाटायची. मग तिनं नवे शेअर काढले, मावसाजींनी घेतले, आणि गिरणीनं पहिल्या इंजिनाशेजारी दुसरं इंजिन बसवलं. आता इंजिनं दोन झाली, पण आसपासची सरकी होती तेवढीच. दोन्ही इंजिनं अर्धपोटी. पहिल्या वर्षी नफा निम्मा झाला, दुसऱ्या वर्षी चालकांनी "यंदा मशिनरीचा खर्च" म्हणून हात वर केले, आणि पुढं दर दिवाळीला शेअरचा भाव थोडा थोडा घसरत गेला. एकदम कोसळला असता तर निदान आरडाओरड तरी झाली असती. हा असा कोणाला न कळवता उतरला. साबणवाल्यांची गोष्ट तर सांगायलाही नको. त्यांनी नव्या शेअरच्या पैशातून वेष्टणावरचं चित्र मोठं केलं आणि आतली वडी लहान. पुढं नफा द्यायला पैसे नव्हते म्हणून भागीदारांना साबणच वाटला. आमच्या घरी तो फळीवर कित्येक वर्षं होता. फेस येत नसे. पण मावसाजी अंघोळीला तोच घ्यायचे. "घरच्या कंपनीचा हाये," म्हणायचे.

मावशीनं यावर एक सिद्धांत काढला होता. ती शाळेत गेलेली नव्हती, पण जन्मभर पंगती वाढलेली बाई. ती चुलीसमोर बसून सांगायची, "तुमाले येवढी उमज नाई का, आग्रह कायचा होते? बुंदी संपत आली का वाढनारा दुसऱ्या दारानं निंगून जाते. आग्रह होते भाताचा, कारन भात उरेल असते. ज्या कंपनीत खरंच गोड हाये, थे लोकाईले बलावून बलावून कायले वाढन?" मावसाजी हे शांतपणे ऐकायचे. मान डोलवायचे. पटायचंही. आणि मग म्हणायचे, "खरं हाये तुवं. पन उरेल भात घेऊन वाढनारा उभा असला, अन् कोनीच ताट पुढं केलं नाई, तं त्याच्या तोंडाकडं पाह्यवत नाई वं." राग आला की मावशी नवऱ्याशी बोलणं थांबवून चुलीशी बोलायची. "पेट माय, पेट. तुले तरी लाकडं संपले का विझ्याचं कळते."

आता त्या मोटार कंपनीकडं येते, जिच्याशी माझाच संबंध आहे. बुलढाण्याला आगगाडी नाही. गाडी धरायची तर घाट उतरून मलकापूरला जावं लागतं. गावातल्या काही मंडळींनी मिळून या रस्त्यावर मोटार चालवायची कंपनी काढली होती. कंपनीचे चेअरमन एक मुसलमान व्यापारी. त्यांची लाकडाची वखार होती. बोलणं वऱ्हाडी, मध्येच उर्दूचा तुकडा. लढाईच्या काळात पेट्रोल मिळेना तेव्हा त्यांनी मोटारीच्या पाठीला कोळशाच्या गॅसची भट्टी बसवून घेतली आणि मोटार चालू ठेवली. राजूर घाटात ती दम खायची, मग सगळे उतारू खाली उतरून ढकलायचे. मावसाजी भागीदार असल्यामुळं सगळ्यांच्या आधी उतरायचे आणि सगळ्यात पुढं ढकलायचे. कपड्यांवर काजळी घेऊन घरी यायचे आणि सांगायचे, "आपली मोटार आज मस्त चालली." त्या दिवसांत रस्त्यावर दुसरी मोटारच नव्हती, त्यामुळं कंपनीला नफा चांगला व्हायचा, आणि लढाई संपता संपता तिच्या शेअरला गावात दीडपट भाव आला.

त्याच उन्हाळ्यात मी मॅट्रिक पास झाले. मला नागपूरला कॉलेजात जायचं होतं. नागपूर तेव्हा आमची राजधानी. तिथं मुलींचं वसतिगृह होतं, आणि तिथून शिकून आलेली एक बाई आमच्या शाळेत शिकवायची. तिच्यासारखं व्हायचं, हे मी मनात पक्कं धरलं होतं. वडिलांची ना नव्हती, पण त्यांच्या दुकानातून तो खर्च निघणं शक्य नव्हतं. मेहकरचं एक स्थळ सांगून आलेलं होतं. माणसं चांगली होती, मुलगाही चांगला होता. वडिलांनी निरोप धाडला की मावसाजींच्यानं फीचं जमत असेल तर पोरीनं जावं, नाहीतर ज्येष्ठात लग्न उरकून टाकू. मावसाजींनी अर्थातच "जमते" म्हटलं. आणि या वेळी ते खरंच जमत होतं, कारण कापूस चांगल्या भावानं गेला होता आणि ते पैसे मावशीनं एका डब्यात घालून डबा डाळीच्या कणगीत पुरून ठेवला होता. मी तर मनानं नागपूरला जाऊन पोचले होते. आणि नेमकं तेव्हाच मोटार कंपनीचं छापील पत्र आलं. पेट्रोल पुन्हा मिळू लागलं आहे, दोन नव्या मोटारी घ्यायच्या आहेत, नवे शेअर काढत आहोत, जुन्या भागीदारांना मूळ किमतीतच देऊ. सभा वखारीत, जेवणासह.

पत्र ऐकून मावशीनं हातातला झारा खाली ठेवला आणि त्या क्षणापासून नवऱ्याला 'नको' म्हणायला शिकवायचं मनावर घेतलं. रोज जेवताना तालीम. ती पुऱ्या तळायची आणि चेअरमन होऊन त्यांच्यासमोर उभी राहायची. "घ्या पाटील, तुमचा पहिला मान." मावसाजींनी दोन्ही हात ताटावर धरायचे, मान वळवायची आणि म्हणायचं, "नाई." पहिल्या दिवशी त्यांनी हात धरले, मान वळवली आणि बोटांमधून फट ठेवली. दुसऱ्या दिवशी म्हणाले, "नाई, म्हंजे अर्धी चालन." मावशी म्हणाली, "अर्धी नाई. अर्ध्या पोरीले नागपूरले धाडता का?" हे त्यांना लागलं. पुढच्या दिवशी त्यांनी डोळे घट्ट मिटून, कपाळावर घाम आणून, "नाई" म्हटलं, आणि मावशी पुरी घेऊन परत फिरली. ती चुलीपाशी पोचायच्या आत आवाज आला, "अवं, थे पुरी वाया जाईन ना." तरी सभेच्या सकाळी मावशीला आशा होती. तिनं मला बाजूला घेतलं. "तू संगं जाय. चष्म्याचं निमित्त सांगजो. अन् त्याईनं हात वर केला का सदरा ओढजो."

सभा वखारीतल्या सागाच्या ओंडक्यांवर भरली. हिंदू भागीदारांसाठी चेअरमनसाहेबांनी खास आचारी बोलावून वेगळा स्वयंपाक करवला होता. मी मावसाजींच्या मागच्या ओंडक्यावर बसले, सदऱ्याचं टोक मुठीत धरून. चेअरमनसाहेब उभे राहिले. आजवर कंपनीनं घाटात कोणालाही सोडलं नाही, आता लोक टपावर बसून जातात, नव्या मोटारी आल्या तर बायकापोरांना नीट बसता येईल, असं बरंच बोलले आणि शेवटी म्हणाले, "तुम्ही सब घरचे लोकं. पहिलं तुमाले इचारून राह्यलो. बोला, कोन घेते?" वकीलसाहेबांनी नाकातला केस ओढला. कापडवाल्या शेठजींना अचानक ओंडक्याची साल बघावीशी वाटली. चेअरमनसाहेब उभेच. हातातला कागद त्यांनी एकदा उलटा केला, एकदा सुलटा केला. त्यांच्या कानामागून घाम निघाला तो मला दिसला, आणि मी मनात म्हटलं, आता मेलो. मी सदरा ओढला. जोरात ओढला, शिवण उसवली. तरी मावसाजींचा हात वर गेला तो गेलाच. "माह्या वाटनीचे लिहा, बाप्पा," ते म्हणाले, आणि वकीलसाहेब आपला वाटा सोडायच्या विचारात दिसले म्हणून पुढं म्हणाले, "वकीलसाहेब घेत नसतीन तं त्याईचे बी लिहा." वखारीतली सगळी माणसं एकदम बोलायला लागली. मग शेठजींनीही घेतले, मग सगळ्यांनीच घेतले.

घरी येताना मी रडत पुढं चालले होते आणि मावसाजी भज्यांचा पुडा हातात घेऊन माझ्या मागून येत होते. "बाई, गरम हायेत." मी वळून पाहिलं नाही. मावशीनं माझं तोंड पाहिलं, त्यांचा उसवलेला सदरा पाहिला. कणगीत हात घालून डबा काढला, पुसला आणि त्यांच्यापुढं ठेवला. "शब्द देऊन आले, तं द्या आता," एवढंच म्हणाली. त्यानंतर चुलीशीसुद्धा बोलली नाही.

माझ्या जाण्याचा आता एकच मार्ग उरला होता: मोटार कंपनीचे जुने शेअर विकायचे. पण जिथं नवा शेअर मूळ किमतीत मिळतो तिथं जुन्याला दीडपट कोण देणार? महिन्यापूर्वी हेच शेअर विका म्हणून जो कापडवाला मागं लागला होता तो आता दुकानाच्या आतल्या बाजूला बसू लागला. लोणारहून निरोप आला की मेहकरची मंडळी पुढल्या आठवड्यात मुलगी बघायला येत आहेत. मावसाजी दिवसभर अंगणात फेऱ्या घालायचे. मी चिडलेली होते, त्यांच्याशी बोलत नव्हते, पण एक गोष्ट मला तेव्हाही दिसत होती. ज्या माणसाला नाही म्हणता येत नव्हतं त्याला मागताही येत नव्हतं. कोणाकडून त्यांनी कधी विडीला काडीसुद्धा मागितलेली मी पाहिली नाही. लोकांनी नेलेला चष्मा परत मागायचा म्हटलं तरी त्यांना कसंसंच व्हायचं. देणं त्यांना जमायचं, घेणं जमायचं, मधलं तोंड उघडणं जमायचं नाही.

एक दिवस सकाळीच त्यांनी धुतलेला रुमाल बांधला आणि मला म्हणाले, "चाल." आम्ही वखारीपाशी गेलो आणि तिच्यावरून पुढं गेलो. मग परत आलो आणि परत पुढं गेलो. शेवटी चेअरमनसाहेबांनीच आतून हाक मारली. "पाटीलसाब, सागवान पसंत करून राह्यले का? या ना अंदर." आम्ही बसलो. चहा आला. मावसाजींनी पावसापाण्याचं विचारलं, सागाचं विचारलं, चेअरमनसाहेबांच्या गुडघ्याचं विचारलं. आणखी चहा आला, तोही ते प्यायले. मग बशी खाली ठेवली. "चेअरमनसाहेब," ते म्हणाले, "मले काही मांगाचं होतं." एवढं बोलून त्यांनी रिकामी बशी पुन्हा उचलली. चेअरमनसाहेब टेकून बसलेले सरळ झाले. "मांगा ना पाटील. मांगून तं पाहा." मावसाजी म्हणाले, "माहे जुने शेअर तुम्ही घ्या. ह्या पोरीले नागपूरले धाडाचं हाये. मी तिले जमते म्हटलं होतं." त्यांचा आवाज असा मी आधी ऐकला नव्हता. माझा सगळा राग तिथल्या तिथं गेला, आणि मला वाटलं, नको ते नागपूर, पण या माणसाला आणखी बोलायला लावू नका.

चेअरमनसाहेबांनी माझ्याकडं पाहिलं. "पढके क्या करेगी, बेटी?" मी म्हटलं, मास्तरीण होईन. त्यांनी मुनीमजींना हाक मारली आणि जुन्या, दीडपट भावानं शेअर घ्यायला सांगितले. आता कोणी गप्प बसला असता की नाही? पण मावसाजी म्हणतात, "साहेब, भाव तं आता उतरला. तुमाले कापडवाल्याकडं याच्यापरीस सस्ते भेटतीन." चेअरमनसाहेब हसले. "पाटील, त्या दिवशी तुम्ही हात वर केला, तवा मले भाव इचारला होता का? अन् आज पह्यल्यांदा तोंड उघडलं, तं मी घासाघीस करत बसू?" मावसाजींनी हात जोडले. बाहेर येऊन आम्ही थोडं चाललो, आणि मी त्यांच्याकडं भजी मागितली. त्यांनी रस्त्यातच कोपऱ्यावरच्या दुकानातून एवढी घेतली की ती घरापर्यंत पुरली.

मी नागपूरला गेले. ज्या मोटारीनं गेले ती नव्या दोघींपैकी एक होती, निळ्या रंगाची, आणि मावसाजी मलकापूर स्टेशनापर्यंत माझ्यासोबत आले. परतताना घाट ती एका दमात चढली, म्हणून ते थोडे हिरमुसलेही, असं मावशीनं पुढं सांगितलं. पहिलं वर्ष कंपनीनं मजेत काढलं. मावसाजींनी मावशीला नफ्याचे पैसे दाखवले आणि मावशी म्हणाली, "पाहू." पुढं काय व्हायचं ते झालं. घाटात मोटार चालवली की पैसा मिळतो हे बाकीच्यांनीही पाहिलं होतं; रस्त्यावर आणखी मोटारी आल्या. उतारू होते तेवढेच. कंपनीच्या तीन मोटारी निम्म्या रिकाम्या जायच्या, भाडं उतरवावं लागलं, ड्रायव्हर लोकांना दंडाला धरून आत बसवू लागले. निळी मोटार एका पावसाळ्यात वखारीत उभी राहिली ती राहिलीच. तिच्या सीटवर कोंबडी अंडी घालायची. मी दर सुट्टीत यायची तेव्हा शेअरचा भाव मागच्या सुट्टीपेक्षा खाली असायचा. मी विकले तो, म्हणजे मावसाजींनी मागून विकले तो, भाव त्या कंपनीनं पुन्हा कधीच पाहिला नाही. पुढं मास्तरीण झाल्यावर मी वर्तमानपत्रातलं बाजाराचं पान वाचायला लागले, आणि मुंबईकडच्या मोठमोठ्या कंपन्यांचीही पुष्कळदा हीच तऱ्हा दिसली. दिवस भरात असतात, लोक हौसेनं पैसा द्यायला तयार असतात, तेव्हाच त्या नवे शेअर काढतात; आणि मग चार-पाच वर्षं, ज्यांनी काढले नाहीत त्यांच्या मागंच राहतात. मी हे मावशीला मोठ्या उत्साहानं सांगितलं. ती म्हणाली, "मंग? येवढं शिकून हेच कळलं का?"

मग सरकारी मोटारी आल्या आणि कंपनी गुंडाळली गेली. पहिला पगार झाला तेव्हा मी पेढे घेऊन वखारीत गेले. चेअरमनसाहेब म्हातारे झाले होते. मी म्हटलं, चाचा, माझ्यापायी तुम्हाला फार तोटा आला. ते म्हणाले, "त्या सभेत तुझा मावसा बोलला नसता तं मी या गावात तोंड दाखवू शकलो नसतो, बेटी. थे कुठं लिहू? नफ्यात का तोट्यात?" पेढा त्यांनी माझ्यासमोर खाल्ला आणि दुसराही घेतला. त्या माणसाचे माझ्यावर जे उपकार आहेत ते मी कधीच विसरणार नाही. मावसाजींचे तर सांगायचेच कुठून?

एकदा मी ते त्यांना सांगायचा प्रयत्न केला. तोवर मी अमरावतीला शिकवत होते आणि ते अंथरुणाला खिळले होते. मी म्हटलं, मावसाजी, तुमच्या सगळ्या कंपन्यांनी तुम्हाला बुडवलं, आणि मला मात्र तुम्ही तारलं. त्यांना ते आवडलं नाही. "बुडवलं काऊन म्हनतं? मोटार किती वर्षं चालली. लोकं बसले ना तिच्यात? आपल्या गल्लीतल्या नाईकाची लेक अडली तवा मोटारीनंच रातोरात दवाखान्यात पोचली, तिचा पोऱ्या आता शाळेत जाते." मग थकून डोळे मिटले. मी त्यांच्यासाठी शाल आणली होती, संत्री आणली होती, औषधाचे पैसे मावशीजवळ दिले होते. सगळं त्यांनी घेतलं, नेहमीसारखं, हसून. दुसऱ्या दिवशी सकाळच्या मोटारीनं मला परत जायचं होतं. शाळा होती, परीक्षा तोंडावर आलेल्या. पिशवी घेऊन मी पाया पडायला त्यांच्या खाटेजवळ गेले. त्यांचे ओठ हलले, पुन्हा मिटले. मावशी दारात उभी होती, ती पुढं आली, तिला वाटलं पाणी हवं असेल.

"बाई," ते म्हणाले, "आजचा दिवस राह्यतं का?"

मावशीनं पदर तोंडाला लावला आणि ती आत निघून गेली. मी पिशवी खाली ठेवली, शाळेला तार केली आणि राहिले. त्यांनी एकच दिवस मागितला होता. मी त्यांचे उरलेले सगळे दिवस तिथं होते. ते काही फार नव्हते.